उबाताकेचं नाव कुणी घेत नाही

जपानी दिग्दर्शक केन्जी मिझोगुचींच्या ‘सान्शो द बेलिफ’मध्ये दोन बायका पाण्यात बुडून मरतात. त्यातली एक सगळ्यांना ठाऊक आहे. गुलामीतून भावाला पळून जाता यावं म्हणून मागे राहिलेली अंजू झाडीतून तळ्याच्या काठाशी येते आणि पाण्यात चालत जाते. कॅमेरा तिला बुडताना दाखवत नाही, पाण्यावर पसरत जाणारी वलयं तेवढी दाखवतो. सिनेमा १९५४ सालचा. सत्तर वर्षं झाली, त्या वलयांवर लिहिणं अजून थांबलेलं नाही.

दुसरी बुडते ती अगदी सुरुवातीला. तिचं नाव उबाताके. अकराव्या शतकातली गोष्ट. हद्दपार झालेल्या एका अधिकाऱ्याची बायको अंजू आणि तिचा भाऊ या दोन लेकरांना घेऊन त्याच्या भेटीला निघाली आहे, सोबत घरची ही जुनी दाई. रात्र झाली तरी कुणी आसरा देत नाही. एक पुजारीण गोड बोलून घरी नेते, आणि ‘होडीने जा, वाट सोपी पडेल’ असं पटवून माणसं विकणाऱ्यांच्या हाती देते. किनाऱ्यावर एकच झोंबाझोंबी होते. आई आणि दाई होडीत, मुलं काठावर. त्या ओढाताणीत उबाताके पाण्यात पडते. झालं. होडी पुढे जाते, गोष्टही पुढे जाते. शेवटी साडो बेटावर आंधळी झालेली आई आणि मुलगा भेटतात तेव्हा वडिलांचा विषय निघतो, अंजूचा निघतो. उबाताकेचं नाव निघालेलं मला तरी ऐकू आलं नाही, आणि मी तीन वेळा कान देऊन ऐकलं आहे.

हे काम करणाऱ्या बाई म्हणजे चिएको नानिवा. जपानी ऐतिहासिक सिनेमाच्या, म्हणजे ज्याला तिकडे ‘जिदाईगेकी’ म्हणतात त्याच्या, इतिहासाने या बाईंचं जवळपास तेच केलं जे त्या सिनेमाने उबाताकेचं केलं. सुरुवातीला दिसल्या, कामाला आल्या, मग पाण्यात. गेल्या काही वर्षांत त्यांची पुन्हा आठवण निघाली, तीही अशा रीतीने की वाटावं, न काढती तर बरं. त्यांचे हाल आठवले, काम आठवलं नाही. माझा आक्षेप या दुसऱ्या गोष्टीवर जास्त आहे.

आधी बाई कोण ते सांगतो, आणि जाणूनबुजून भरभर सांगतो. जन्म १९ नोव्हेंबर १९०७, ओसाकाच्या दक्षिणेला कावाची भागात. वडील कोंबड्या विकत. आई लवकर गेली. आठ-नऊ वर्षांच्या असताना ओसाकाच्या दोतोंबोरी या नाटकघरांच्या वस्तीत, जेवणाचे डबे पुरवणाऱ्या दुकानात कामाला ठेवल्या गेल्या. शाळा नाही. अक्षरओळख झाली ती पुडीच्या आणि रद्दीच्या कागदांवरून. विशीच्या आसपास क्योतोला गेल्या, कॅफेत राबल्या, नाटक मंडळीत शिरल्या, मूकपटांत बारीकसारीक कामं केली. मग ओसाकाच्या विनोदी रंगभूमीवर शिबुया तेंगाई (दुसरे) यांची सहकलाकार आणि बायको. १९४८ मध्ये ‘शोचिकू शिन्किगेकी’ ही मंडळी उभी राहिली, त्यात बाई आघाडीवर होत्या. नवऱ्याने मंडळीतल्याच दुसऱ्या बाईशी संसार मांडला, आणि १९५१ मध्ये यांनी घर आणि मंडळी दोन्ही सोडलं. पुढे ओसाकाच्या रेडिओवर विनोदवीर आचाको हानाबिशी यांच्यासोबतच्या श्रुतिकांनी त्यांना घराघरात नेलं. ‘ओतोसान वा ओहितोयोशी’ ही त्यांची मालिका १९५४ ते १९६५ चालली. २२ डिसेंबर १९७३ ला त्या गेल्या.

मिझोगुचींनी त्यांना ‘गिओन बायाशी’साठी बोलावलं ते १९५३ मध्ये. बाई तेव्हा पंचेचाळीस वर्षांच्या होत्या. ज्या वयात नट्यांची कामं आटायला लागतात त्या वयात यांचा सिनेमा खऱ्या अर्थाने सुरू झाला. तो सिनेमा ऐतिहासिक नाही, युद्धानंतरच्या क्योतोतला आहे, पण बाईंच्या कामाची चावी त्यात सापडते म्हणून थांबतो. गेइशांना बैठकीला बोलावणाऱ्या चहाघराची मालकीण ओकिमी त्यांनी केली आहे. ती नव्या मुलीच्या कपड्यालत्त्यासाठी पैसे काढून देते, आणि वेळ आली की त्या पैशाच्या दोरीने दोघी गेइशांना ओढते. गिऱ्हाइकाला नकार दिला तर त्यांची बैठकीची कामं बंद. खलनायिका म्हणावी तर तिचा आवाज एकदाही चढत नाही. हिशेब करणारी, पाहुण्याला बसायला उशी पुढे करणारी, ‘अगं, जगायचं असं असतं’ अशा सुरात बोलणारी बाई. या भूमिकेसाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचा ब्लू रिबन पुरस्कार मिळाला. तोक्योच्या सिनेपत्रकारांचा हा पुरस्कार. म्हणजे तेव्हाच्या लोकांना काम दिसलं होतं. विसर नंतरचा आहे.

आता मिझोगुचींच्या पद्धतीकडे येतो, कारण ‘ही दिग्दर्शकाची करामत, नटीचं त्यात काय’ हा युक्तिवाद मला नेहमी ऐकवला जातो. मिझोगुची एक अख्खा प्रसंग एकाच लांब शॉटमध्ये घ्यायचे. कॅमेरामन काझुओ मियागावा यांचा कॅमेरा सरकत राहायचा, तुकडे पडायचे नाहीत. तुकडे असले की दुय्यम नटाची सोय होते, कारण त्याच्या वाक्यापुरता चेहरा घेतला की बाकी वेळ तो चहा प्यायला मोकळा. लांब शॉटमध्ये ती चैन नाही. नायिका बोलत असताना मागे बसलेल्या बाईचे हात, मान, श्वास सगळं चौकटीत आहे, आणि एक खोटी हालचाल झाली तर पूर्ण शॉट पहिल्यापासून. शिवाय मिझोगुची काय करायचं ते करून दाखवत नसत. ते नटांना एकच विचारायचे अशी ख्याती आहे, की समोरच्याचं तुमच्यात उमटतंय का? आरशासारखं. ही अपेक्षा नायिकेपेक्षा बाजूच्या माणसाकडून जास्त पुरी व्हायला लागते. नायिकेकडे वाक्यं असतात, बाजूच्या माणसाकडे फक्त ते उमटणं.

उबाताकेकडे परत बघा. तिला वाक्यं किती? मोजकी. पण रस्त्याने चालताना ती मालकिणीच्या किती मागे चालते, मुलं धावली की कुठे नजर टाकते, रात्री उघड्यावर अंथरूण करायची वेळ आली तेव्हा मालकिणीच्या आधी ती कशी वाकते, हे सगळं बघून आपल्याला कळतं की हे घर कालपर्यंत मोठं होतं. किनुयो तानाका आईच्या भूमिकेत आहेत, थोर नटी, वाद नाही. पण तानाकांना ‘मालकीण’ कोण करतं? शेजारी चालणारी मोलकरीण करते. ती नसती तर ती दोन लेकरांना घेऊन निघालेली कुणीही गरीब बाई असती.

त्याच वर्षीच्या ‘चिकामात्सु मोनोगातारी’त याचा पुरावा आणखी उघड आहे. सतराव्या शतकातलं क्योतो, श्रीमंत छापखानेवाल्याची तरुण बायको ओसान आणि दुकानातला कारागीर मोहेई यांची गोष्ट. ओसान झाल्या आहेत क्योको कागावा. वय कोवळं, त्यात क्योतोतल्या व्यापारी घरातली लग्न झालेली बाई उभी करायची. कागावांनी पुढे मुलाखतींत सांगितलं आहे की तिथली बोली आणि चालण्याबसण्याची रीत त्यांना चिएको नानिवांनी शिकवली. नानिवाबाई सिनेमात आहेत ओसानच्या आईच्या भूमिकेत. माहेरी पळून आलेल्या लेकीला ‘नवऱ्याकडे परत जा’ म्हणणारी आई. ती हे म्हणते तेव्हा दुष्ट वाटत नाही, घाबरलेली वाटते, कारण लेक परत गेली नाही तर सुळावर जाईल हे तिला पक्कं ठाऊक आहे. तर एका सिनेमात या बाई स्वतःची भूमिका करतात आणि नायिकेची अर्धी भूमिका घडवतात. श्रेयनामावलीत पहिल्या कामाची एक ओळ आहे. दुसऱ्याची ओळ असण्याची पद्धतच नाही.

बोलीवरून एक आठवलं, ते सांगून टाकतो. आपण हे सिनेमे इंग्रजी उपशीर्षकांवर बघतो. त्यात ओसाका-क्योतोकडचं बोलणं आणि तोक्योचं बोलणं एकाच इस्त्रीखालून निघतं. मालवणी नाटक इंग्रजी उपशीर्षकांसकट एखाद्या परक्याला दाखवा आणि विचारा, मजा कुठे होती? नानिवाबाईंची निम्मी कमाई त्या हेलात आहे. ‘नानिवा’ हे ओसाकाचं जुनं नावच. आडनावातच गाव घेऊन फिरणारी ही नटी उपशीर्षकांत बिनगावाची होते. बाहेरच्या जगात त्यांची कीर्ती पोचली नाही याचं एक साधं कारण हे आहे. यात कुणाचा कट नाही, पण नुकसान व्हायचं ते झालंच.

आता ज्या कामामुळे मी हा लेख लिहायला घेतला ते. अकिरा कुरोसावांचा ‘थ्रोन ऑफ ब्लड’, १९५७. शेक्सपिअरच्या मॅकबेथला जपानच्या यादवीच्या काळात आणलेला सिनेमा. यावर लिहिणारा प्रत्येक जण इसुझु यामादांच्या आसाजीबद्दल लिहितो. तिचं न हलणारं तोंड, अंधारात जाऊन परत येताना होणारी रेशमाची सळसळ. बरोबर आहे, ते काम आहेच तसं. तोशिरो मिफुनेंवर तर खरे बाण सोडले होते, ते कुणी विसरणार नाही. पण ज्या प्रसंगाने ही सगळी चक्रं फिरायला लागतात तो जंगलातला आहे. पावसाधुक्यात रस्ता चुकलेले दोन घोडेस्वार. समोर काटक्या-बोरूंची पिंजऱ्यासारखी झोपडी, आत एक पांढरंफटक म्हातारं रूप बसून चाक फिरवत सूत गुंडाळतंय. खालच्या पट्टीत काहीतरी गातंय, माणसाचं आयुष्य किती क्षुद्र अशा अर्थाचं. आवाज बाईचा की बुवाचा, ठरवता येत नाही. ते रूप या दोन योद्ध्यांकडे बघायची तसदीसुद्धा घेत नाही. चाक फिरतंय, एका रिळावरचं सूत दुसऱ्यावर जातंय. तू मोठा होशील, तू त्याहून मोठा होशील, हे सगळं बाजारभाव सांगावा तितक्या थंडपणे. मग रूप नाहीसं होतं, दोघं झोपडीतून पलीकडे जातात, तर तिथे चिलखतांसकट हाडांचे ढीग.

ही नानिवाबाईंची भूमिका. पडद्यावर काही मिनिटांची.

कुरोसावांनी हा सिनेमा ‘नो’ या जपानच्या जुन्या मुखवट्यांच्या नाटकाच्या रीतीवर बेतला हे सगळे जाणतात. पण या प्रसंगाच्या मागे उभं असलेलं नाटक ‘कुरोझुका’ आहे, आणि तिथे गंमत आहे. त्यात फिरते साधू आदाचिगाहाराच्या माळावर एका म्हातारीच्या झोपडीत उतरतात. ती त्यांना चरख्यावर सूत काढून दाखवते, आयुष्याचं रडगाणं गाते, आणि सरपण आणायला जाताना बजावते की आतल्या खोलीत डोकावू नका. ते डोकावतात. आत प्रेतांचा खच.

नोमध्ये मुख्य पात्राला ‘शिते’ म्हणतात, बाजूच्या पात्राला ‘वाकी’. शिते मुखवटा घालतो, वाकी कधीच घालत नाही. वाकी बहुधा साधू किंवा वाटसरू असतो, तो आधी येतो, प्रश्न विचारतो, मग आपल्या खांबाजवळ जाऊन बसतो आणि शितेची कहाणी ऐकतो. ‘कुरोझुका’त शिते कोण? चरखा चालवणारी म्हातारी. वाकी कोण? वाट चुकून आलेला साधू. हा हिशेब ‘थ्रोन ऑफ ब्लड’च्या जंगलाला लावून बघा. घोड्यावरून उतरून प्रश्न विचारणारा, उघड्या चेहऱ्याचा, ऐकून गोंधळणारा मिफुने तिथे वाकी आहे, आणि पांढरी पूड फासून, चेहऱ्याचाच मुखवटा करून बसलेल्या नानिवाबाई शिते. त्या काही मिनिटांपुरता सिनेमा त्यांचा असतो आणि जपानमधला सर्वात मोठा तारा त्यांच्या नाटकातला बाजूचा माणूस असतो. जपानीत सहाय्यक भूमिकेला ‘वाकियाकु’ म्हणतात, म्हणजे शब्द त्याच वाकीवरून आलेला. भाषेला जे माहीत आहे ते सिनेमाच्या पुस्तकांना माहीत असायला हरकत नव्हती. बाजू ही ठरलेली जागा नसते, प्रसंगागणिक बदलते. एका प्रसंगात कोण कुणाला ऐकतंय त्यावर ठरते.

हे एकट्या नानिवाबाईंचं नाही. ‘सान्शो’त माणसं विकणाऱ्यांच्या हाती देणारी ती पुजारीण किकुए मोरी यांनी केली आहे. क्योतोतल्या ‘कुरुमिझा’ नाटक मंडळीच्या प्रमुख, पक्क्या रंगभूमीच्या बाई. त्याच्या आदल्या वर्षी, १९५३ च्या ‘उगेत्सु’मध्ये त्याच होत्या उकोन, भूत असलेल्या वाकासा राजकन्येची दाई. माचिको क्योंच्या वाकासाचं चित्र प्रत्येक पोस्टरवर आहे. पण भांडी विकायला आलेल्या कुंभाराला गोड बोलून वाड्यावर कोण नेतं? लग्नाला कोण राजी करतं? भुताटकीवर आपला विश्वास बसतो तो भुतामुळे नाही, त्या भुताची उठबस करणाऱ्या म्हातारीमुळे. ती इतक्या घरगुतीपणे आतिथ्य करते की शंका घ्यायची लाज वाटावी.

मला वाटतं, जिदाईगेकीत भूतकाळ राहतो तो याच कामांमध्ये. तलवारबाजी बसवता येते, किल्ल्याचा देखावा उभा करता येतो. पण कर्जाचा तगादा लावणारी मालकीण, लेकीला परत धाडणारी आई, मालकिणीसोबत निघून वाटेत बुडणारी दाई, माणसं विकणारी पुजारीण, यांतून त्या काळाची व्यवस्था दिसते. कोण कुणाचं खातं, कोण कुणाला विकतं, हे सांगायचं काम बहुतेक वेळा या चाळिशी-पन्नाशीच्या नट्यांकडे असतं. नायक-नायिका त्या व्यवस्थेशी भांडतात. या बायका तीच व्यवस्था आहेत आणि तिच्या बळीही आहेत, दोन्ही एकाच चेहऱ्यावर. अवघड काम कुठलं, तुम्हीच सांगा.

यावर उलट बोलणारे म्हणतील की धंद्याचंही बघा. १९५८ मध्ये जपानात वर्षाला सुमारे ११२ कोटी सिनेमाची तिकिटं विकली गेली, हा तिथला उच्चांक. ती गर्दी ताऱ्यांच्या नावाने येत होती. हे मान्य. त्या काळी प्रत्येक स्टुडिओ आपले तारे करारात बांधून ठेवी आणि १९५३ मध्ये पाच कंपन्यांनी एकमेकांचे कलाकार पळवायचे नाहीत असा ठरावच केला होता. पण यातूनच उलटी गोष्ट दिसते. नानिवाबाईंची कामं बघा. मिझोगुची दाइएईसाठी सिनेमे करत होते, कुरोसावा तोहोसाठी, यासुजिरो ओझू शोचिकूसाठी. बाई तिघांकडे आहेत. तारे कुंपणात बांधलेले असताना ही बाई फाटकातून ये-जा करते आहे, कारण तिच्यासारखं दुसरं कुणी कुणाकडेच नव्हतं. धंद्याला त्यांची किंमत कळली होती. इतिहास लिहिणाऱ्यांनी ती कमी लावली.

नामावलीचीसुद्धा एक जपानी रीत आहे, ती छान आहे. पहिलं नाव ताऱ्याचं, पण शेवटची जागाही मानाची असते. तिला ‘तोमे’ म्हणतात, बहुधा ज्येष्ठ नटाला देतात. अडचण मधल्यांची. तिथे नावं एकत्र येतात आणि सरकन निघून जातात.

आता त्या आठवणीविषयी, जिच्यावर माझा राग आहे. जपानमध्ये आज साठी-सत्तरीच्या माणसाला चिएको नानिवा म्हटलं की पहिल्यांदा काय आठवतं? ओरोनाइन मलमाची पत्र्याची पाटी. खेड्यापाड्यांतल्या दुकानांच्या भिंतींवर मुलामा दिलेल्या त्या पाट्या ठोकलेल्या असत, त्यावर किमोनोतल्या हसऱ्या बाई हातात मलमाची डबी घेऊन. बाईंचं खरं नाव नान्को किकुनो. ‘नान्को’ म्हणजे मलम आणि ‘किकु’ म्हणजे गुण येणं. उच्चार केला की ‘मलमाने गुण येतो हं’ असं ऐकू येतं. त्यामुळेच जाहिरात मिळाली असं सांगतात. विनोदी रंगभूमीवर वाढलेल्या बाईला हा विनोद आवडला असेल. मला या पाटीवर काही म्हणायचं नाही. जाहिरात ही जाहिरात म्हणूनच येते, आव आणत नाही.

आव आणला तो मालिकेने. नोव्हेंबर २०२० ते मे २०२१, एनएचके या सार्वजनिक वाहिनीने सकाळच्या पंधरा मिनिटांच्या कथामालिकेसाठी बाईंचं आयुष्य घेतलं, नावं बदलून. हाना सुगिसाकी मुख्य भूमिकेत, आणि त्यांनी ती जीव ओतून केली, यात शंका नाही. मालिकेचं नाव ‘ओचोयान’. दोतोंबोरीच्या नाटक-चहाघरांमध्ये वरकाम करणाऱ्या पोरसवदा मोलकरणीला असं म्हणत. वीस वर्षं सिनेमा केलेल्या, पुरस्कार मिळवलेल्या, रेडिओवर राज्य केलेल्या बाईच्या आयुष्याला नाव कुठलं दिलं? आठव्या-नवव्या वर्षी तिला जी हाक मारत ते.

मालिकेत दारुडा बाप आहे, विकलं जाणं आहे, नवऱ्याचं दुसरं घर आहे, रेडिओतून पुन्हा उभं राहणं आहे आणि रंगमंचावर परतणंही आहे. मिझोगुची, कुरोसावा, ओझू यांच्याबरोबरचं काम मात्र जवळजवळ बाहेर राहिलं. पंधरा मिनिटांच्या भागात डोळ्यांत पाणी आणणारं काहीतरी लागतं, आणि एका लांब शॉटमध्ये नायिकेच्या मागे श्वास धरून बसणं हे रडण्यासारखं नाही, हे मला कळतं. पण जनतेच्या पैशावर चालणाऱ्या वाहिनीने नटीचं चरित्र करताना तिचा अभिनयच वगळला, तर मग उरतं काय? एक सोसणारी बाई. आणि सोसणाऱ्या बायकांची जपानी मालिकांना, किंवा कुठल्याच देशातल्या मालिकांना, कधी कमतरता नव्हती.

यातून आणखी एक गैरसमज घट्ट होतो, की बाईंनी दाया आणि मोलकरणी इतक्या खऱ्या केल्या कारण त्यांनी ते आयुष्य भोगलं होतं. ऐकायला बरं वाटतं. पण दोतोंबोरीत त्या काळी शेकडो पोरी धुणंभांडी करत होत्या, त्या सगळ्या उबाताके करू शकल्या नसत्या. आणि जंगलातलं ते चाक फिरवणारं रूप कुठल्या भोगातून आलं म्हणायचं? भुताचा अनुभव कुणाला असतो? ते आलं रंगमंचावरच्या पंचवीस वर्षांतून. प्रेक्षक हसला की किती थांबायचं, किती बोललं नाही तर जास्त ऐकू येतं, हे विनोदी नट रोज रात्री शिकतो. थांबणं कळलेला माणूसच त्या झोपडीत इतका सावकाश बसू शकतो. दुःखाने माणूस नट होत असता तर ओसाकात नाटकघरं अपुरी पडली असती.

मग करायचं काय? फार नाही. ‘उगेत्सु’ची जुनी प्रिंट दुरुस्त होऊन फोर-केमध्ये २०१६ मध्ये कान महोत्सवात दाखवली गेली. दाइएईचा संग्रह आज कादोकावा कंपनीकडे आहे, तोक्योत २०१८ पासून राष्ट्रीय फिल्म संग्रहालय स्वतंत्र संस्था म्हणून चालतं. चेहरे इतके स्वच्छ कधीच दिसले नव्हते. अशा वेळी दिग्दर्शकाच्या नावाने होणाऱ्या महोत्सवांच्या जोडीला एखादा महोत्सव एका सहाय्यक नटीच्या नावाने लावावा, एवढंच माझं मागणं. नानिवाबाईंचा लावला तर ‘गिओन बायाशी’, ‘सान्शो’, ‘चिकामात्सु’, ‘थ्रोन ऑफ ब्लड’ आणि ओझूंचा एक सिनेमा अशी यादी होते. एका तिकिटात तीन थोर दिग्दर्शक बघायला मिळतात, आणि एकदा तरी त्यांची तुलना नटीच्या जागेवरून करता येते, म्हणजे कुणी तिला किती जागा दिली, कुणी कॅमेरा कुठे ठेवला. पुण्या-मुंबईतल्या फिल्म क्लबांनाही हे जमण्यासारखं आहे. कुरोसावा महोत्सव आपण कितीदा केले, मोजदाद नाही. पत्रकात दिग्दर्शकाच्या नावाखाली बारीक टाइपात नटांची नावं टाकतो, तीही पहिली तीन.

महोत्सवाचा शेवटचा सिनेमा मी ओझूंचा ठेवीन, १९५८ चा ‘इक्विनॉक्स फ्लॉवर’. ऐतिहासिक नाही, रंगीत आहे, तोक्योतल्या सुखवस्तू घरातला आहे. घरची गृहिणी झाल्या आहेत किनुयो तानाका. त्यांच्याकडे क्योतोहून एक लॉजवाल्या बाई येतात, लेकीच्या लग्नाचं बोलत बसतात, आणि बोलणं काही संपत नाही. या नानिवाबाई. ज्या दोघी चार वर्षांपूर्वी त्या होडीत होत्या, मालकीण आणि दाई, त्या आता एका छपराखाली, पाहुणी आणि यजमानीण. पाहुणी मध्येच उठून संडासाकडे जायला निघते. तर पॅसेजमध्ये कुणीतरी झाडू उलटा टांगलेला. नको असलेला पाहुणा लवकर उठावा म्हणून करायचा हा जुना तोडगा. बाई झाडू बघतात. कुणी बघत नाही ना, याची खात्री करण्याइतक्या थांबतात. मग तो सरळ करतात आणि पुढे जातात.

परत येऊन बसतात आणि बोलायला लागतात.